माझ्या गळ्यातली दयाळू गाठ

चहा घ्या, आणि आधी एक कबूल करा. मध्येच कुणी फिदीफिदी करायचं नाही. हसायची जागा आली की मी सांगेन. फजिती माझी आहे, तेव्हा हुकूमही माझाच चालणार!

तर झालं असं, की त्र्याहत्तराव्या वर्षी माझ्या गळ्यात गाठ निघाली. उजव्या बाजूला, थायरॉइडवर, चांगली लिंबाएवढी. भाकरीचा घास गिळला की आमच्या गुरुग्रामहून मानेसरला जाताना टोलनाक्यात गाडी अडकावी तसा मध्येच अडकायचा. पदर कितीही गुंडाळला तरी समोरच्याची नजर गळ्यावरच! मी आयुष्यात नजर झुकवून बोलले नाही, आणि आता लोक माझ्याशी बोलताना नजर झुकवायला लागले. गळ्याकडे!

सुई घालून दोनदा तपासणी झाली. रिपोर्ट आला. प्रसाद, म्हणजे माझा मुलगा, केंद्र सरकारात मोठा साहेब, घरात मात्र माझ्या हाताखालचा. तो चष्मा लावून वाचून दाखवणार, तेवढ्यात मी कागद ओढून घेतला.

"मला वाचता येतं."

येतंच मुळी! शाळा चौथीपर्यंत, हे खरं. पण लग्न होऊन दिल्लीच्या सरकारी क्वार्टरमध्ये आले, हिंदी शिकले भाजीवाल्यांशी भांडून आणि इंग्रजी शिकले प्रसादच्या शाळेच्या पुस्तकांवरून. पहिली पाच वर्षं मी त्याला शिकवलं, पुढची पाच त्याच्याबरोबर शिकले. विचारा त्याला. नाही म्हणायची हिंमत आहे का बघा.

डिक्शनरी उघडली. रिपोर्टातला शब्द होता 'बिनाइन'. अर्थ काय दिलेला? दयाळू!

"आई, म्हणजे कॅन्सर नाही," प्रसाद म्हणाला.

"ते मला कळलं. पण एवढी दयाळू आहे तर माझा गळा का धरून बसलीय?"

पहिल्या डॉक्टरांनी सांगितलं, ऑपरेशन करू, अर्धी थायरॉइड काढून टाकू. प्रसादने लगेच मान हलवली. सरकारी माणूस! समोर कुणी फाइल ठेवली की सही करायची सवय. मी म्हटलं, थांबा. मान माझी आहे.

मग तीन आठवडे मी मोबाइलवर बसून वाचलं. शब्द अडला की डिक्शनरी, वाक्य अडलं की परत पहिल्यापासून. आणि मला सापडलं! बारीकशी सुई गाठीत घालायची, सोनोग्राफीच्या पडद्यावर बघत बघत तिचं टोक तापवायचं आणि गाठ आतल्या आत भाजून काढायची. कापाकापी नाही, टाके नाहीत, त्याच दिवशी घरी. मग ती गाठ काही महिन्यांत आपोआप सुकत जाते. बाकीची थायरॉइड शाबूत राहते.

"भरताचं वांगं भाजतो ना, तसंच," मी जेवणाच्या टेबलावर जाहीर केलं.

"आई, वांगं बाहेरून भाजतात," वैशाली म्हणाली. ही माझी सून. बोलते कमी, पण नेम धरून.

"हे आतून भाजायचं. विज्ञान पुढे गेलंय, तू वांग्यापाशीच राहिलीस."

पण गंमत बाजूला. खरी भीती वेगळीच होती. थायरॉइडच्या मागून आवाजाची नस जाते. तिला धक्का लागला तर आवाज बसतो, क्वचित कायमचा. ऑपरेशनमध्ये तो धोका, यातही थोडा. आणि माझ्याकडे आवाजाशिवाय दुसरं आहे काय हो? दर रविवारी क्लबहाउसमध्ये सोसायटीतल्या बारा मराठी पोरांना मी मराठी शिकवते. दिल्लीत वाढलेली पोरं ती. 'उंबरठा' म्हटलं की एकमेकांची तोंडं बघतात! आवाज गेला तर त्यांना काय खुणा करून शिकवू?

"आई, आवाज गेला तर?" प्रसादने विचारलंच.

"तर तुला बरंच आहे. पण जायचा नाही. माझा आवाज मला विचारल्याशिवाय कुठे जात नाही."

असं म्हटलं खरं. पण त्या आठवड्यात पोरांना मी मुळाक्षरं दोनदा जास्त म्हणून दाखवली. हे कुणाला बोलू नका.

गुरुग्राममध्येच हे करणारा डॉक्टर मिळाला. रोहतकचा, तरुण, हसरा. त्याने सगळं नीट समजावलं. म्हणाला, "माताजी, आप जागती रहेंगी। बीच-बीच में आपसे बुलवाऊँगा, ताकि आवाज़ का पता चलता रहे। गाँठ बड़ी है। जितना आराम से सह लें, उतना आज। बाकी दूसरी बार। दर्द हो तो 'बस' बोलियो, मैं रुक जाऊँगा।"

"बोलियो नहीं, बोलिएगा," मी म्हटलं.

"बिल्कुल, माताजी," बिचारा लाजला.

आता इथे माझ्या फजितीची पायाभरणी झाली, बरं का. आत जायच्या आधी वैशाली म्हणाली, "आई, इथे सोलापूरच्या एक सिस्टर आहेत. त्यांना आत थांबायला सांगते. ऐनवेळी तोंडात मराठी आलं तर असाव्यात."

"मला दुभाषी? पन्नास वर्षं झाली दिल्लीत! आत्ता त्या डॉक्टरची हिंदी कुणी सुधारली?"

"तुम्हीच."

"मग?"

सोलापूरच्या सिस्टर आल्या होत्या, त्यांना मीच हात जोडून परत पाठवलं. 'तुमची दुसरीकडे गरज असेल' म्हणून! काय तो तोरा!

आत टेबलावर झोपवलं, मान मागे, गळा वर. बधिर करायचं इंजेक्शन दिलं. सुई गेली, कळलंही नाही. पडद्यावर पांढरे पांढरे ढग उठायला लागले.

"माताजी, कुछ बोलिए।"

मी पाढे सुरू केले. एकोणतीसचा. उगीच दोनाचा कशाला म्हणा?

"ये कोई मंत्र है?"

"ये उनतीस का पहाड़ा है।"

डॉक्टर खूश. आवाज खणखणीत. त्याचं काम चालू, माझं काम चालू. तो थांबायचा, मी बोलायची. मी थांबायची, तो भाजायचा. अशी छान जुगलबंदी रंगली होती. आणि 'एकोणतीस सत्ते' म्हणायला तोंड उघडलं, तोच आतून असा चटका उठला, जबड्यातून दाढेत, दाढेतून थेट कानात! डोळ्यांपुढे काजवे चमकले. शब्द ठरलेला होता. दोन अक्षरं. 'बस'. रोज बोलण्यातला शब्द. पण तो कुठे गेला कोण जाणे! दिल्लीची पन्नास वर्षं क्षणात पुसली गेली, आणि माहेरच्या पंगतीत वाढप्याला हात आडवा करून सांगायचे तो शब्द तोंडातून बाहेर पडला.

"पुरे!"

डॉक्टर थांबला. "पूरे?"

वा, कळलं पोराला! मी जोरात म्हटलं, "पुरे! पुरे!"

"पूरे आज ही कर दें, माताजी?"

मला काही ऐकूच येत नव्हतं हो. कानात नुसती आग! 'पुरे' एवढं ऐकलं आणि म्हटलं, "हो! हो!"

"हो जाए!" डॉक्टर म्हणाला.

कळलं का काय झालं ते? मी म्हणत होते, थांब बाबा. तो ऐकत होता, सगळी करून टाक!

पण पोरगा शहाणा. म्हणाला, थोडी और सुन्न कर देता हूँ, आणि आणखी इंजेक्शन दिलं. दुखणं एकदम ओसरलं. मला वाटलं, आवरतोय. म्हणून मी निवांत पडले, पाढा पुरा केला, तिसाचा घेतला. बराच वेळ गेला. म्हटलं, किती आवरतोय हा? आमच्या घरी लग्नाचा मांडव याहून लवकर उतरतो!

शेवटी सुई निघाली. गळ्यावर एवढीशी पट्टी. डॉक्टर माझा हात हातात घेऊन म्हणाला, "माताजी, कमाल हैं आप! इतनी बड़ी गाँठ में लोग आधे में रुकवा देते हैं। और आप? आपने तो ललकार दिया, पूरे! पूरे!"

तेव्हा माझ्या डोक्यात प्रकाश पडला.

खरं सांगायची हीच वेळ होती. पण दोन शिकाऊ डॉक्टर माझ्याकडे डोळे विस्फारून बघत होते. एक तर हात जोडून उभी! मग काय, मी मान ताठ केली, म्हणजे जितकी होत होती तितकी, आणि म्हटलं, "हमारे यहाँ काम अधूरा नहीं छोड़ते।"

बाहेर प्रसाद उभा. डॉक्टरने त्याला सांगितलं, माताजींनी सगळं आजच करवून घेतलं. प्रसादचे डोळे भरून आले. "आई, धन्य आहेस तू!" पन्नाशीला टेकलेला माझा मुलगा आयुष्यात पहिल्यांदा असं म्हणाला. आता ते मी खोडून काढू? तुम्ही काढलं असतंत?

बातमी माझ्याआधी सोसायटीत पोचली. लिफ्टमध्ये बायका मला आधी आत जाऊ द्यायला लागल्या. पार्कात एक रिटायर्ड कर्नल उठून उभे राहिले. आणि मीही दर वेळी थोडी थोडी भर घालत गेले. पहिल्या आठवड्यात मी फक्त शांत होते. महिन्याभरात मी डॉक्टरला धीर देत होते. तीन महिन्यांनी तर मीच पडदा बघून त्याला सांगत होते, बेटा, उजवीकडे थोडं राहिलंय!

सहा महिन्यांत लिंबाची सुपारी झाली. घास सरळ उतरायला लागला. निर्णय कुणाचा होता? माझा! शोधलं कुणी? मी! हे मी आजही छाती पुढे काढून सांगते, आणि त्यात एक अक्षर खोटं नाही.

मग आमच्या मराठी मंडळींनी दिल्लीत कोपर्निकस मार्गावरच्या सभागृहात आरोग्याचा कार्यक्रम ठेवला. थायरॉइडवर बोलायला कुणाला बोलवायचं? मी म्हटलं, माझ्या डॉक्टरला! आणि स्वतः जाऊन त्याला घेऊन आले. इरकल नेसून पहिल्या रांगेत बसले. शेजारी प्रसाद, वैशाली. मागे दीडशे मराठी माणसं.

डॉक्टर छान बोलला. कुणाला हे चालतं, कुणाला नाही, आधी तपासणी का हवी, सगळं. आणि शेवटी म्हणाला, "हिम्मत देखनी है तो आपकी इन माताजी में देखिए। मैंने रुककर पूछा। और ये मेज़ पर लेटे-लेटे गरज रही थीं..." त्याने हुबेहूब माझा आवाज काढला. "पुरे! पुरे! हो! हो! पुरे!"



मग जो स्फोट झाला! बायका एकमेकींच्या अंगावर पडल्या. कुणीतरी खुर्चीवरून घसरलं. प्रसाद माझ्याकडे बघतोय, तोंड उघडं. वैशालीने पदर तोंडात कोंबलेला, आणि खांदे गदगदा हलतायत. हां, आता हसा तुम्हीही. हीच ती जागा.

बिचारा डॉक्टर गोंधळून पायऱ्या उतरून माझ्यापाशी आला. "माताजी, मैंने कुछ ग़लत बोल दिया?"

आता त्या पोराशी खोटं बोलवेना. मी त्याला खाली वाकवलं आणि त्याच्या कानाशी अगदी हळू, कुजबुजत सांगितलं. तेही हिंदीत, आपल्या मराठी लोकांना कळू नये म्हणून! दिल्लीत जन्म काढलेल्या मराठी लोकांना! "बेटा, मराठी में पुरे का मतलब है 'बस'। मैं रुकने को कह रही थी। मैं बहुत डर गई थी।"

हशा थांबला होता. कधी थांबला, मला कळलंच नाही.

शेवटच्या रांगेतून कानाला यंत्र लावलेले एक आजोबा काठी टेकत उठले आणि म्हणाले, "बाई, आवाजाची काळजी करू नका. इथपर्यंत स्पष्ट आलं!"