मी पगडी घालणार नाही

मित्रहो, आज सकाळी एक मुलगी कॅमेरा आणि एक पगडी घेऊन सुभानपुऱ्यातल्या आमच्या घरी आली. बडोद्याच्या मराठी माणसांवर ती माहितीपट करतेय.

"आजोबा, ही पगडी घालून शाळेतली एखादी कविता म्हणा ना!"

म्हटलं, "बेटा, माझे वडील रेल्वेत फिटर होते. आमच्या घरात पगडी कधी नव्हतीच."

मग साध्या सदऱ्यातच चौथीतली कविता म्हणू लागलो. डोळ्यांपुढे अख्खा वर्ग उभा राहिला. तेवढ्यात शेजारच्या रमीलाबेननी हाक मारली, "काका, चा तैयार छे!"

"आवुं छुं," म्हणालो आणि पुढची ओळ धरली.

"आजोबा, परत घेऊया. मध्ये गुजराती नको."

"परत नाही. हा भाग ठेवायचा तर असाच ठेव, नाहीतर मलाच काढून टाक!"

आता ती काय ठेवते ते बघू. तुम्ही सांगा, तुमच्यावर कॅमेरा रोखला, तर कुणाची पगडी घालाल?