मामांचा उजवा हात

माझा सगळा दिवस वायरी, सेन्सर आणि सोल्डरिंगमध्ये जातो. कुणी भुताखेतांचं सांगायला लागलं की मी उठून चहा टाकायला जायचे... त्यामुळे हे लिहिताना जरा अवघडच वाटतंय.

मी आर्टिस्ट आहे. माणसाचं शरीर आणि यंत्र एकमेकांत किती मिसळू शकतात, हा माझ्या कामाचा विषय. कर्जतला, दहिवलीत स्टुडिओ आहे. गेल्या वर्षी मी ॲल्युमिनियमचा एक हात बनवला. दंडाला सेन्सरचा पट्टा बांधायचा. स्नायू हलले की टेबलावरचा हात हलतो. त्यासाठी खालापूरच्या वसंतमामांना बोलावलं; मामीही सोबत आली. तरुणपणी एका मशीनमध्ये त्यांचा उजवा हात कोपरापासून गेला होता.

पट्टा बांधला. "मामा, मूठ वळा."

टेबलावरच्या हाताने मूठ वळली. मामांच्या डोळ्यांत टचकन पाणी आलं.

मग चहासाठी थांबलो. पट्टा काढला, स्विच बंद केला. मामा बाहेर पायरीवर बसले, आमच्याकडे पाठ करून. आत मामीने सहज त्या हाताची करंगळी धरली...

"कोण हाय रं? करंगळी कोणी धरली माझी?" मामा बाहेरून ओरडले.

मामीने हात झटकन मागे घेतला.

"हां, सोडली."

गेलेला हात दुखतो, हुळहुळतो, हे मला वाचून माहीत होतं. पण नेमकी करंगळी? त्या हाताला स्पर्श कळायची सोयच मी केलेली नव्हती! मी गुपचूप त्याचा अंगठा दाबून पाहिला.

"आता अंगठा," मामा म्हणाले. "खेळू नको गं अश्विनी."

योगायोग असेल, अशी मी मनाची समजूत घातली आणि हात खोक्यात घालून प्रदर्शनासाठी मुंबईच्या एका आर्ट गॅलरीत पाठवून दिला. दुसऱ्या दिवशी सकाळी मामीचा फोन — "कुठं ठेवलास गं तो हात? बोटं मोडायला लागल्यात म्हणून वरडतायत. इंजेक्शन दिलं, काय फरक नाय."

मी दुसऱ्या फोनवरून गॅलरीत खोकं उघडायला लावलं. तिथली बाई म्हणाली, "बोटं झाकणाखाली पार उलटी दुमडलीत."

"हळूच सरळ करा," मी म्हटलं. माझ्या दुसऱ्या कानात मामांचं कण्हणं चालू होतं. ते हळूहळू थांबलं.

"निवांत झाले गं," मामी म्हणाली. "काय केलंस?"

मी मुंबईची गाडी पकडली.

मी त्याच दिवशी हात परत आणला. इंजिनिअर मित्राने तो तपासला. त्याला काही सापडलं नाही. आता तो हात मामीच्या कपाटात मऊ गोधडीवर आहे. स्क्रू काढून सुटा करून टाकावा का, असं एकदा मामांना विचारलं.

"मी गेल्यावर सोड स्क्रू," म्हणाले. "आधी नको."

तेव्हा तरी माझ्याच्याने होईल का... माहीत नाही.