अहवाल बासष्ट, बेगमी एक्क्याण्णव

डोंगरातल्या नारिन गावच्या बाजारात मटणवाल्यांची रांग संपते, तिथे एक निळा लोखंडी कंटेनर उभा आहे. त्यात आसिलकान एजे बसते. एजे म्हणजे थोरली बहीण. पण तिच्याहून दहा वर्षांनी मोठे म्हातारेही तिला एजेच म्हणतात. वय बासष्ट, डोक्याला फुलाफुलांचा रुमाल, पायात नमद्याचे, म्हणजे दाबलेल्या लोकरीचे, बूट, आणि समोर दोन संगणक. डोंगरातल्या गावांत इंटरनेट कसं चालतं ते सगळ्यांना ठाऊक आहे. एखादा मोठा गेम उतरवायला लावला तर मेंढीला कोकरू होऊन ते चरायला लागेल, तरी गेम निम्म्यावरच. म्हणून लोक आपापले लॅपटॉप बगलेत मारून तिच्याकडे येतात, आणि ती तिच्याकडच्या डिस्कवरून हवा तो गेम भरून देते.

आत आलेल्याला ती नाव विचारत नाही, गाव विचारत नाही. चष्म्यावरून बघते आणि म्हणते, "जागा किती आहे?"

"भरपूर आहे, एजे."

"भरपूर हा आकडा नाही. आण इकडे."

आणि लॅपटॉप उघडला की माणूस उघडा पडतो. कुणाकडे एकाच लग्नाचा व्हिडिओ पाच ठिकाणी. कुणाकडे सासूचं बोलणं पुरावा म्हणून भरून ठेवलेलं, सतरा तास. अत-बाशीच्या एका मेंढपाळाने आपल्या घोड्याचे चारशे व्हिडिओ काढले होते. "यातला घोडा थोडा कमी करू का?" असं तिने विचारलं, तर तो कळवळून म्हणाला, "एजे, हवं तर बायकोचे फोटो उडवा, पण घोड्याला हात लावू नका!"

जागेची ही नजर तिला संगणकाने दिलेली नव्हती. सत्तावीस वर्षं ती लोकरीच्या कोठाराची राखणदार होती. ट्रक दारात आला की नुसत्या नजरेने सांगायची, एवढे गठ्ठे बसतील, बाकीचे परत न्या. नवे अधिकारी यायचे, कागदावरचा आकडा दाखवायचे. ती म्हणायची, "हा दाबलेल्या गठ्ठ्याचा आकडा आहे. पट्टी सोडली की लोकर फुगते. फुगलेली कुठे ठेवू, तुमच्या घरी?" पुढे कोठार बंद पडलं. कचेरीतला जुना संगणक कुणी नेईना. तिने तो ढकलगाडीवर घातला, वर रजई पांघरली आणि घरी आणला. शेजाऱ्यांना वाटलं, कुणी आजारी आहे. वर्षभर खोलून, जोडून, पुन्हा खोलून ती त्याच्यात मुरली. गेम भरायला लागल्यावर तिला पहिल्याच दिवशी उमगलं, की इथेही तीच लोकर आहे. खोक्यावर लिहिलेलं असतं ऐंशी जीबी. पण भरताना बांधलेला गठ्ठाही डिस्कवर हवा आणि सोडलेली लोकरही तिथेच पसरायला हवी. ऐंशीच्या गेमला सव्वाशेची जागा लागते. ही गोष्ट ज्यांनी ऐकली नाही, त्यांचे गेम नव्वद टक्क्यांवर अडकले आणि ते हात चोळत पुन्हा तिच्याच दारात आले.

तिचं वाकडं होतं ते एकाच माणसाशी. शाळेचे मुख्याध्यापक शार्शेनबेक. गणिताचे शिक्षक, पांढरी उंच टोपी, कालपाक, डोक्यावर सरळ रेषेत, आवाज असा की मागच्या बाकावरच्याची झोप उडावी. शरदातल्या पालकसभेत ते उभे राहिले आणि म्हणाले, "बाजारातला तो लोखंडी डबा आपल्या मुलांचे मेंदू खातो आहे. आणि डब्यात बसलेल्या बाईंना नातवंडांच्या वयाच्या मुलांची लाज वाटत नाही."

एजे त्या सभेत तिसऱ्या रांगेतच बसली होती, नातीच्या वतीने. तिने पिशवीतून कुरुतचा, म्हणजे वाळवलेल्या दह्याचा, गोळा काढला, तोंडात टाकला आणि सभा संपेपर्यंत चघळत राहिली. शेजारी बसलेल्या बाईने मागाहून सांगितलं, तो गोळा ती दातांनी असा फोडत होती, की जणू कुणाचं तरी डोकं आहे.

मार्चमध्ये बर्फाचा चिखल व्हायला लागला होता. एका दुपारी, बाजार जेवायला पांगला असताना, कंटेनरच्या दारात एक माणूस उभा राहिला. कालपाक नव्हता. डोळ्यांपर्यंत मफलर, कोटाच्या आत काहीतरी चौकोनी.

"या मुख्याध्यापक," एजे म्हणाली. "मफलर काढा, आत शेगडी पेटली आहे."

शार्शेनबेक एकदम आत आले आणि दार ओढून घेतलं. "एजे, मी माझ्यासाठी नाही आलो."

"अर्थातच नाही."

"भाचा आहे. बिश्केकला. सुट्टीत येणार आहे. त्याला तो रणगाड्यांचा गेम हवाय. नवा आलाय तो. म्हणजे, नवा आलाय असं तो म्हणतो."

"शहाणा दिसतो भाचा. जागा किती आहे?"

"भरपूर."

एजेने हात पुढे केला. लॅपटॉप उघडला. डिस्क पाचशेची, दाखवत होती चारशे पासष्ट, आणि त्यात मोकळे एकोणीस.

"नव्या गेमला ऐंशी, भरताना सव्वाशे. तुमच्याकडे एकोणीस आहेत. रणगाडा काय, यात हातगाडी बसणार नाही." ती एकेक फोल्डर तपासू लागली. "मुलीचं लग्न, एकशे चाळीस."

"ते काढायचं नाही."

"वार्षिक अहवाल, बासष्ट." तिने चष्मा वर सरकवला. "मुख्याध्यापक, बासष्ट जीबीचे अहवाल? आपले पूर्वज येनिसेई नदीकाठी होते तेव्हापासून शाळा चालवताय का?"

शार्शेनबेकच्या कानाच्या पाळ्या लाल झाल्या. "त्यात... आकृत्या आहेत. पुष्कळ. त्याला हात लावू नका. तुम्ही हे काढा ना, हे खालचं. 'हिवाळ्याची बेगमी'. माझ्या बायकोचं, कालिपाचं आहे. मुरंबे आणि लोणच्यांच्या कृती. तिला सगळं तोंडपाठ आहे."

एजेने त्या फोल्डरचा आकडा पाहिला. एक्क्याण्णव. एवढ्या मुरंब्यावर अख्खं नारिन तीन हिवाळे जगलं असतं. तिने मान डोलावली. "हे काढलं तरी एकशे दहाच होतात. पंधरा कमी. बघते काय करता येतं. उद्या या."

ते गेल्यावर तिने आतून कडी लावली. दुसऱ्याच्या फोल्डरमध्ये डोकावू नये, हे तिला समजत होतं. पण एक्क्याण्णव जीबीचा मुरंबा समोर असताना कुणाला धीर धरवेल? तिने उघडला. आत ट्रक होता. लांबलचक, सोळा चाकी, निळा ट्रक, आणि चालकाच्या जागी नाव: 'कालिपा'. आजवर हाकलेलं अंतर चार लाख बारा हजार किलोमीटर. मग तिने वार्षिक अहवाल उघडले. आत रणगाडे. सेनापतीचं नाव: 'कडक मास्तर'. एजे खुर्चीत मागे रेलली आणि एवढी हसली, की पलीकडच्या मटणवाल्याने पत्र्यावर थाप मारून विचारलं, बरी आहेस ना?

दुसऱ्या दिवशी सकाळी मुख्याध्यापक शाळेत असण्याच्या वेळी कालिपा आली. प्रसूतिगृहातली मुख्य परिचारिका. निम्म्या गावाला पहिला धपाटा तिनेच घातलेला, त्यामुळे तिच्यापुढे कुणी मोठ्याने बोलत नसे.

"एजे, आमचा लॅपटॉप तुमच्याकडे दुरुस्तीला आलाय म्हणे."

"आलाय खरा."

"मग आलाच आहे तर..." ती जवळ सरकली. "माझ्या बहिणीचा नवरा ट्रक चालवतो. त्याला सरावासाठी तो ट्रकचा नवा गेम हवाय."

"सरावासाठी," एजेने गंभीरपणे मान हलवली. "त्याला साठ लागतात, भरताना पंच्याण्णव. तुमच्याकडे एकोणीस मोकळे आहेत."

"यांचे ते वार्षिक अहवाल काढून टाका. स्वतः लिहितात आणि स्वतःसुद्धा वाचत नाहीत. जाड जाड कागद, एजे. शाळेत प्रत असेलच."

"बासष्टचे अहवाल काढले तरी एक्क्याऐंशी होतात. चौदा कमी." एजेने तिच्यासमोर चहाचा वाडगा ठेवला. "बिश्केकहून सोमवारी नवी डिस्क येते आहे. एक हजारची. तोवर लॅपटॉप घेऊन जा. मी आतला केर जरा झाडून ठेवलाय."

केर झाडला होता म्हणजे काय, तर पाट्या बदलल्या होत्या. सामान जागच्या जागी, फक्त दारावरची नावं उलटी. वार्षिक अहवालांवर टिचकी मारली की ट्रक, आणि हिवाळ्याच्या बेगमीत रणगाडे. शरदातली सभा, ती तिसरी रांग आणि तो कुरुतचा गोळा एजेला अजून आठवत होता. आता सोमवारपर्यंत वाट बघायची होती.

शुक्रवारी कालिपा कामावर गेल्यावर शार्शेनबेकने अहवाल उघडले. रणगाड्याऐवजी समोर लांब सरळ रस्ता आणि काचेवर पाऊस. पहिल्यांदा ते एजेवर चिडले. मग त्यांना चालकाचं नाव दिसलं. मग किलोमीटर दिसले. ते आकडा तीनदा वाचत राहिले. चार लाख बारा हजार! आणि हीच बाई कोचकोरला जाताना प्रत्येक वळणावर 'हळू, हळू' म्हणून त्यांचा दंड धरते! शिवाय एवढे किलोमीटर ती केव्हा गेली? मुलगी लग्न होऊन गेल्यापासून घर दुपारचं अगदी रिकामं असतं, हे त्यांना ठाऊक होतं. त्या रिकाम्या घरातून बायको रोज कुठवर जाऊन येते, हे त्यांना आज कळलं. मग बघू तरी म्हणून त्यांनी ट्रक चालू केला आणि पहिल्याच चौकात मासळीचा माल उलटा पाडला.

शनिवारी ते शाळेत असताना कालिपाने बेगमी उघडली. 'कडक मास्तर' हे नाव वाचून ती आधी खदखदून हसली. मग त्यांच्या पराभवांची यादी बघून तिला दया आली. सहा वर्षांत हा माणूस डावीकडे वळायचा म्हणून हरत आला होता. तिने बाह्या सरसावल्या, उजवीकडून वळसा घातला आणि दोन तासांत सात रणगाडे उडवले.

दोघं रात्रीच्या जेवणाला समोरासमोर बसले, वाफवलेला ओरोमो खाल्ला, आणि फक्त बर्फाच्या चिखलाबद्दल बोलले. पण शार्शेनबेकने रविवारी बेगमी उघडली, म्हटलं आपले रणगाडे तरी कुठे गेले ते बघावं, आणि त्यांना तिथे सात विजय सापडले. त्याच वेळी कालिपा चहा घेऊन आत आली.

"मासळी कुणी सांडली?" तिने विचारलं.

"उजवीकडून वळसा कुणी घातला?" त्यांनी विचारलं.

सोमवारी दोघं मिळूनच कंटेनरच्या दारात आले. मफलर नव्हता, कालपाक होता.

"एजे, तुम्ही हे मुद्दाम केलंत," शार्शेनबेक म्हणाले.

"मी? मी लाजलज्जा नसलेली बाई. डब्यात बसते, मेंदू खाते."

शार्शेनबेकने खाली बघितलं. कालिपाने त्यांच्या बरगडीत कोपर मारलं. "बोला ना. घरी काय बोलायचं ठरलं होतं?"

"चुकलं माझं," ते म्हणाले. वर्गात ज्या आवाजाने भिंती हलतात, त्याचा इथे बारीक दोरा झाला होता.

एजेने एवढ्यावरच सोडलं. तिच्या मनात त्यांच्याकडून सभेत सगळ्यांसमोर वदवून घ्यायचं होतं. पण एवढा सरळ माणूस वाकलेला बघताना तिलाच कसंतरी झालं, आणि फोल्डर उघडल्याची टोचणीही होती. "माझंही चुकलं," ती म्हणाली. "मी आत बघायला नको होतं." मग तिने नवी डिस्क काढली आणि जोडली.

शार्शेनबेक पडद्यावर वाकले. त्यांचा आवाज परत आला. "हे काय? खोक्यावर एक हजार, इथे नऊशे एकतीस! एकोणसत्तर कुठे गेले?"

"तेच मी सगळ्यांना सांगते. खोकेवाले हजारांनी मोजतात. संगणक एक हजार चोवीसांनी मोजतो. तीन पायऱ्या चढता चढता एवढी गळती होते."

"दाखवा." त्यांनी खिशातून खडूचा तुकडा काढला आणि कंटेनरच्या निळ्या पत्र्यावर गुणाकार मांडायला सुरुवात केली. मटणवाला सुरी हातात घेऊन बघायला आला. तीनदा गुणलं, भागलं, खाली रेघ मारली: नऊशे एकतीस. मुख्याध्यापक मागे सरकून त्या आकड्याकडे असे बघत राहिले, की जणू नवजात बाळ आहे. "हे आठवीला शिकवायला हवं," ते पुटपुटले.

आणि शिकवलंही. त्या आठवड्यापासून मुलं कंटेनरपाशी यायला लागली ती आकडे कागदावर लिहूनच: गेम एवढ्याचा, भरताना एवढे, मोकळे एवढे. कुणी 'भरपूर' म्हणेना. एजेचा थोडा हिरमोड झाला, कारण आता कुणाचे घोडे सापडत नव्हते.

नवरोजला, नव्या वर्षाच्या सणाला, कालिपाने एजेला घरी बोलावलं. टेबलावर तळलेले बोरसोक, साय, आणि खरोखरचा रासबेरीचा मुरंबा. खाऊन झाल्यावर कालिपाने लॅपटॉप तिच्यासमोर ठेवला.

"चालवा, एजे."

"मी? मी आयुष्यात एकही खेळले नाही. सगळ्यांना भरून देते, माझ्या डिस्कवर माझ्यासाठी कधी जागाच उरली नाही."

"चालवा हो."

तिने चष्मा नाकावर बसवला. निळा ट्रक हलला, डोलला, पेट्रोल पंपाचा खांब आडवा करून शेतात शिरला. शार्शेनबेक ओरडले, "डावीकडे, डावीकडे!" कालिपा ओरडली, "त्यांचं ऐकू नका!" एजेने दोघांनाही गप्प बसवलं, ट्रक मागे घेतला आणि पुन्हा रस्त्याला लावला. चहा तीनदा गरम झाला, तीनदा गार झाला, तरी ती खुर्ची सोडायला तयार नव्हती.