पूजेत बसलेला ओव्हन

बेंगळूरुच्या चामराजपेटेत संयोगिताबाई जाधवांना ओळखणारं कुणीही त्यांच्याविषयी आधी हेच सांगेल, की बाई बोलत नाहीत, ऐकतात. उमेदीची सगळी वर्षं त्यांनी टेलिफोन ऑफिसात ऑपरेटर म्हणून काढली. लोकांची भांडणं, सोयरिकी, मयतीचे निरोप या गावाहून त्या गावाला जोडून द्यायचे आणि आपण मध्ये तोंड घालायचं नाही, ही सवय हाडात मुरली ती निवृत्तीनंतरही सुटली नाही. भाजीच्या गाडीपाशीसुद्धा त्या नुसत्या उभ्या राहत. थोड्या वेळानं भाजीवालीच अस्वस्थ होऊन भाव उतरवी.

त्यांच्या या गप्प राहण्यानं घरात फारसं कधी अडलं नाही. एकदाच अडलं, आणि तेही नेमकं खांडेनवमीला.

सगळं बेंगळूरु जिला आयुधपूजा म्हणतं, तिला जाधवांच्या घरी खांडेनवमी म्हणतात. कुठल्या तरी पूर्वजानं फौजेबरोबर आणलेली गंजकी तलवार त्या दिवशी बाहेर निघते. तिच्या शेजारी पाने-पकडी, शिवणयंत्र, मिक्सर, भाच्या-पुतण्यांचे लॅपटॉप, दारातली स्कूटर, सगळ्याला हळदकुंकू आणि शेवंतीची फुलं. एकदा पूजेत बसलेली वस्तू दसऱ्याच्या सकाळपर्यंत हलवायची नाही, वापरायची तर नाहीच. मसालासुद्धा आदल्या दिवशी वाटून ठेवायचा, कारण मिक्सर देव झालेला असतो. सूट फक्त चुलीला. कारण पूजा झाली की दुपारी सगळ्या भाऊबंदांना मटणाचं जेवण, आणि त्या जेवणाचा मान सासूच्या मागं संयोगिताबाईंकडे आलेला.

जेवण म्हणजे मटण पलाव. दुसरं काही कुणी कधी केलंच नव्हतं. पण मागच्या खांडेनवमीला पुरुषोत्तमराव, म्हणजे संयोगिताबाईंचे यजमान, पलावावर असे तुटून पडले की दसऱ्याचं सोनं त्यांनी दवाखान्यातल्या खाटेवर वाटलं. साखर भलतीच चढली होती. डॉक्टरांनी भात आणि बटाटा दोन्ही तोडले. दवाखान्याच्या बाकावर बसल्या बसल्या संयोगिताबाईंनी ठरवलं, पुढच्या खांडेनवमीला या घरात भात शिजणार नाही. नवऱ्यापुढे ज्वारीची भाकरी ठेवून बाकीच्यांना पलाव वाढायचा, हे त्यांच्या मनाला पटेना. सणाचं ताट सगळ्यांचं एकच असायला हवं.

मग त्यांना डोरीनचा खिमा आठवला. डोरीन ही त्यांची ऑफिसातली शेजारीण, कॉक्सटाउनची अँग्लो-इंडियन. नाताळानंतर ती काचेच्या भांड्यात भाजलेला खिमा आणायची, वर बटाट्याचा जाड थर आणि त्याला खरपूस रंग. बटाटा तर आता चालणार नव्हता. त्याच्या जागी संयोगिताबाईंनी अख्खी ज्वारी घेतली. रविवारमागून रविवार प्रयोग चालले. पहिल्या खेपेला ज्वारी दाताखाली खड्यांसारखी लागली. पुरुषोत्तमराव म्हणाले, चव उत्तम आहे, पण कवळी काढून खावं की घालून, ते सांग. दुसऱ्या खेपेला तिची पेज झाली. शेवटी रात्रभर भिजवून, कुकरमध्ये दाणा फुटेपर्यंत पण मोडू न देता शिजवायची युक्ती हाताला बसली. खाली ज्वारी, मध्ये कोथिंबीर-पुदिना-खोबऱ्याच्या हिरव्या वाटणातला खिमा, पुन्हा ज्वारी, आणि वर घट्ट दह्यात फेटलेली अंडी. ओव्हनमध्ये हा वरचा थर फुगून बदामी झाला, की सुरीनं वडीसारखा तुकडा निघायचा. ओव्हनही त्यासाठीच नवा, मोठा घेतलेला.

बातमी व्हाइटफील्डला पोचली. तिथं पुरुषोत्तमरावांची थोरली बहीण, वसुमती अक्का, आपल्या मुलाकडे, प्रणीतकडे, राहते. जाधवांच्या भाऊबंदांत अक्कांचा शब्द शेवटचा.

"खांडेनवमीला पलाव नाही?" अक्का फोनवर म्हणाल्या. "मग काय, मेणबत्ती लावून केक कापायचा का गं?"

संयोगिताबाई सवयीप्रमाणे ऐकत राहिल्या. अक्कांनी पुढचं सांगून टाकलं. त्यांच्या सोसायटीत क्लबहाउस आहे, केटररकडे पलाव उत्तम मिळतो, प्रणीतनं पुढच्या वर्षासाठी हॉल धरूनही ठेवला आहे. यंदाचं जेवण नीट झालं तर ठीक. नाही तर इथून पुढे खांडेनवमी व्हाइटफील्डला.

"सरी अक्का, बरं," एवढंच म्हणून संयोगिताबाईंनी फोन ठेवला. पण त्या दिवशी त्यांचं जेवणात लक्ष नव्हतं. खांडेनवमी गेली तर या घरात उरणार काय? मुलं परगावी, भाऊबंद शहरभर पांगलेले. वर्षातून त्या एका दुपारी सगळे या दारात चपला काढत होते.

सणाच्या सकाळी त्या खाटकाकडे गेल्या. रांग रस्त्यापर्यंत आलेली. खिमा यंत्राचा नको, सुऱ्यानं बारीक केलेला हवा, म्हणून आणखी थांबल्या. परतताना वाटेत रिक्षांना केळीचे खुंट बांधलेले, चाकांखाली लिंबं, चौकाचौकात कुंकू भरून फोडलेल्या कोहळ्यांचा लाल चिखल. घरी येऊन पाहतात तर अक्का प्रणीतला घेऊन पहिल्याच मेट्रोनं येऊन पोचलेल्या, आरती नुकती आटपलेली, उदबत्तीचा धूर कोंदलेला. आणि तलवारीच्या उजव्या हाताला, पाटावर, गळ्यात शेवंतीची माळ घालून नवा ओव्हन बसलेला. काचेच्या दारावर कुंकवाचं ठसठशीत स्वस्तिक.

"यंदा नवा आला ना," पुरुषोत्तमराव आनंदानं म्हणाले. "पहिल्याच वर्षी त्याची पूजा चुकायला नको. एकट्यानं उचलून आणला, बघ."

ओव्हन पूजेत ठेवू नका, एवढं सांगायचं संयोगिताबाईंच्या मनातच आलं नव्हतं. इतके रविवार नवऱ्यानं त्या ओव्हनमधलं खाल्लं होतं, त्याला ठाऊक असेलच, असं त्या धरून चालल्या होत्या. त्यांचा चेहरा पाहून पुरुषोत्तमरावांच्या लक्षात आलं, आणि हातातली कडलेपुरीची, म्हणजे प्रसादाच्या चुरमुऱ्यांची, परडी त्यांनी खाली ठेवली.

"अक्का, ओव्हन म्हणजे चूलच की," ते घाईनं म्हणाले. "चुलीला सूट असते."

"चुलीत अग्नी असतो, पुरुषोत्तमा. ही विजेची पेटी. तिची आरती मी केली, आता ती देव झाली. हवी तर उघडा बापडे. मी आपलं सांगितलं."

प्रणीत बाहेर स्कूटरला हार घालत होता, तो आत आला. व्हाइटफील्डच्या कुठल्याशा कंपनीत तो शंभर माणसं सांभाळतो, त्यामुळे अडचण दिसली की त्याचा हात आपसूक फोनकडे जातो. "मामी, टेन्शन नका घेऊ. मी ऑर्डर करतो, अर्ध्या तासात पलाव येईल."

संयोगिताबाई ओव्हनकडे बघत राहिल्या. माळ काढली असती तर अडवणारं कुणी नव्हतं. पण मग पदार्थ कितीही चांगला होवो, पुढची वीस वर्षं तो देवाला उठवून भाजलेला खिमा म्हणूनच सांगितला गेला असता. त्यांनी कोपऱ्यावरच्या बेकरीला फोन लावला. मालक म्हणाले, भट्टीच्या तोंडालाही पहाटेच हार चढलाय. मग गॅसवर का नाही, असं प्रणीतनं विचारलं. गॅसवर खालून करपेल आणि वरचं दही-अंडं कच्चंच राहील, याला वरून धग हवी, असं त्यांनी त्याला सांगितलं. सांगता सांगता त्यांना माहेरचं तुमकूरचं परसदार दिसलं. आई नानकटाई भाजायची ती वाळूच्या पातेल्यात, वर निखाऱ्यांची परात ठेवून.

"निखारे हवेत," त्या म्हणाल्या.

हल्ली बेंगळूरुत निखारे कुणाकडे असतात? गल्लीच्या तोंडाशी झाडाखाली रंगण्णाची इस्त्रीची गाडी असते. पुरुषोत्तमराव पिशवी घेऊन धावले. रंगण्णाची लोखंडी इस्त्री कुंकू लावून, झेंडूत बुडून निवांत बसली होती, आणि स्वतः तो नवा शर्ट घालून कडलेपुरी चघळत होता. पुरुषोत्तमरावांनी भीत भीतच विचारलं, इस्त्री पूजेत आहे, मग कोळसाही पूजेत आहे का? रंगण्णानं क्षणभर विचार केला. देव इस्त्री आहे, कोळसा तर जळायलाच आणलेला, असं त्याचं मत पडलं. "तगोळ्ळी अण्णा," म्हणून त्यानं पोतंच पुढे सरकवलं.

गच्चीवर विटा मांडल्या गेल्या. शेजारी नवी इमारत उठत होती, तिच्या ढिगातून विचारून वाळू आणली. तूप लावलेल्या दोन रुंद, बुटक्या पातेल्यांत थर लागले. त्याखाली वाळूची पातेली, त्याखाली धग, आणि वर झाकण म्हणून पितळी पराती. परातींवर निखारे पसरताना संयोगिताबाईंनी हात वर धरून आच पाहिली, दोन निखारे काढले, पुन्हा पाहिली, एक परत ठेवला. पुरुषोत्तमराव वर्तमानपत्रानं वारा घालत होते. डोळ्यांतून पाणी गळत होतं, पण हटायला तयार नव्हते. रेशमी कुर्त्यातला प्रणीत आधी लांब उभा होता. मग त्यानं बाह्या वर केल्या आणि दुसऱ्या पातेल्याशी उकिडवा बसला. त्याच्या कुर्त्यावर ठिणगीचं भोक पडलं, ते त्यानं कुणाला दाखवलं नाही.

खाली माणसं जमू लागली. जिना चढून एकेक जण वर डोकावे आणि खमंग वासापाशी थबके. अक्का मात्र गुडघ्यांमुळे वर येऊ शकत नव्हत्या. खालूनच त्यांचा आवाज येई, की झालं का गं, की दसऱ्यालाच जेवायचं?

संयोगिताबाईंनी झाकण मध्ये एकदाही उघडलं नाही. प्रणीतनं दोनदा विनवलं, स्वल्प बघूया ना मामी. त्यांनी मान हलवली. वास बदलायची त्या वाट पाहत होत्या. आधी पुदिन्याचा होता, मग मटणाचा, आणि शेवटी तुपात काहीतरी बदामी होत असल्याचा आला, तेव्हा म्हणाल्या, "उतरवा."

परात उचलली. दह्या-अंड्याचा थर काठोकाठ फुगला होता. मधोमध सोनेरी आणि कडांना गडद तांबूस, ओव्हनमध्ये कधी आला नव्हता असा रंग. पुरुषोत्तमरावांनी काजळी लागल्या हातांनी टाळ्या वाजवल्या.

पंगत बसली. तुकडे वडीसारखे सुटे निघाले, थर दिसत होते. जोडीला कांद्याची कोशिंबीर आणि लिंबू. पहिलं ताट अक्कांचं. त्यांनी कडेचा तुकडा उचलला, वरची खरपूस पापडी मोडली, ज्वारी बोटांनी दाबून पाहिली, आणि घास घेतला. सगळी पंगत ताटात हात ठेवून त्यांच्याकडे बघत बसली होती. अक्कांनी दुसरा घास घेतला. तिसरा घेतला. मग ताट पुढे केलं. "पातेल्याच्या कडेचं दे. काळं झालंय ते."

तेव्हा कुठे बाकीचे जेवू लागले, आणि मग कुणाला बोलायला फुरसत राहिली नाही. एक पातेलं खरवडून झालं, दुसरं अर्ध्यावर आलं. पुरुषोत्तमराव यंदा वेगळं ताट घेऊन नव्हे, सगळ्यांबरोबर, सगळ्यांचंच जेवण जेवले. पलावाचं नावही कुणी काढलं नाही.

अक्कांनी बोटं चाटली. "त्या पेटीत केला असतास तर असा झाला असता का गं?"

"नाही, अक्का," संयोगिताबाई म्हणाल्या.

"खोटं तरी बोलायचंस." अक्का हसल्या, आणि पंगतीच्या टोकाला बसलेल्या मुलाकडे वळल्या. "प्रणीत, त्या क्लबहाउसवाल्याला फोन कर. हॉल नको म्हणून सांग."

"आत्ता, आई? जेवून करतो."

"आत्ता. डावा हात रिकामा आहे ना?"

प्रणीतनं डाव्या हातानं फोन लावला. सगळ्यांनी ऐकला. संयोगिताबाई दुसऱ्या पातेल्याशी पळी घेऊन उभ्या होत्या. या घरात वाढणारी बाई शेवटी, उरलंसुरलं घेऊन, स्वयंपाकघरात जेवते. सासूही तशीच जेवली होती. अक्का भिंतीचा आधार घेत, गुडघे सांभाळत उठल्या. भावजयीच्या हातातली पळी त्यांनी काढून घेतली.

"बस तिथं, माझ्या पाटावर. मी वाढते."

संयोगिताबाई बसल्या. अक्कांनी मधला, सगळ्यात फुगलेला तुकडा त्यांच्या ताटात ठेवला, वर लिंबू पिळलं. आणि भरल्या पंगतीत, सगळ्यांच्या देखत, संयोगिताबाई पोटभर जेवल्या. मग त्यांनी स्वतःहून ताट पुढे केलं.

"अजून वाढा," त्या म्हणाल्या.