गिरजा मांडवावर जाते

गिरजा धवलारीण आहे. शेणव्याकडच्या वाड्यांत लग्न असलं की धवले तीच गाते. एक ओळ गिरजा म्हणते, तीच ओळ तिची जोडीदारीण जना मागून झेलते. दोघींचे केस असेच पांढरे झाले. धवला चुकला की नवरीच्या संसाराला बाधतो, असं वाडीत मानतात. म्हणून त्या पाणी प्यायलाही थांबत नाहीत.

गेल्या वैशाखात, भर दुपारी, गाता गाता गिरजाला स्वतःचा भांग दिसला. ती मांडवाच्या डहाळ्यांपाशी कुठेतरी होती. खाली एक म्हातारी डोलत गात होती. छान गात होती. त्याचंच गिरजाला भय वाटलं. त्या बाईचं तिच्यावाचून काही अडत नव्हतं.

तेवढ्यात जनाची ओळ चुकली. गिरजाला संताप आला आणि त्यासरशी ती अंगात येऊन आदळली. चूक दोघींनाच कळली. ती नवरी दिवाळीआधी माहेरी परतली, ती कायमचीच.

शहापूरच्या डॉक्टरने रक्तदाब तपासला. उपाशीपोटी गाऊ नका, म्हणाला. गिरजा जेवून गाऊ लागली, तरी वर जात राहिली. धवला संपला की उतरायची, पण दर वेळी उशिरा. मागच्या लग्नात पंगत बसली तरी ती वरच होती. खालच्या बाईने तिच्या हाताने भात कालवून खाल्ला, आणि ते गिरजाने वरून पाहिलं.

यंदा जनाच्या नातीचं, रुपाचं, लग्न ठरलं.

"दुसरी बघ गो कोणी," गिरजा म्हणाली.

"दुसरी कुठशी आणू? पोरी मोबाइलवर गाणी लावतात."

"मी गेली आन आलीच नाय तर?"

"जाशील कुठं? बाजारातून घरला येताना वाट चुकतेस तू."

गिरजा हसली नाही. "माझे डोले थिजले तर एक ओळ चुकव. मागं तशीच आलती मी."

"रुपाच्या धवल्यात?"

गिरजाने पुन्हा विचारलं नाही.

हळदीला दोघी गायला बसल्या. दुसऱ्याच धवल्यात गिरजा वर होती. जनाने तिच्या डोळ्यांकडे पाहिलं, आणि पुढची ओळ बरोबर झेलली. त्याच्या पुढचीही. गिरजाने हाक मारली, आवाज निघाला नाही. खालची बाई गाता गाता हसली. गिरजा गाताना कधीच हसत नाही. मग डहाळ्या खाली गेल्या, कौलं खाली गेली, अंगण रुमालाएवढं झालं. गाणं पुसट होत चाललं.

"रुपा नवरी हळदीला बसली," खालची बाई म्हणाली.

जना क्षणभर थांबली. मग तिने ओळ झेलली.

"जना नवरी हळदीला बसली."

बायका खिदळल्या. "आजीलाच नवरा पायजे गो," कोणीतरी म्हणालं.

गिरजा अंगात आदळली. गुडघे ठणकले, तोंडाला कोरड पडली. चूक झाली होती आणि ती जनाने स्वतःच्या नावावर घेतली होती. गिरजाने तिचा हात धरला. हात गार होता.

"गा," जना पुटपुटली. "तोडू नको."

गिरजाने पुढची ओळ म्हटली, आणि मागून जनाचा आवाज येतो का, ते ऐकू लागली.