विहिरीवरचा फेस आणि माझी बंडी

हसायचं असेल तर आत्ताच हसून घ्या, मागनं चहा अंगावर सांडेल! कारण मी घोळ घातला तो घरात नव्हे, अख्ख्या वाडीच्या पिण्याच्या पाण्यावर.

कापडे गावाच्या वर आमची वाडी. पिण्याच्या विहिरीवर कपडे धुवायचे नाहीत, हा आमचा जुना नेम. आणि त्या पावसाळ्यात बघतो तर काय? विहिरीवर वाकलेल्या जांभळीच्या पानांना पांढरा फेस! ओले कपडे फांदीला टांगल्याशिवाय पानांना फेस लागेल का? तुम्हीच सांगा.

शेजारची सून, सुमन, नेमकी घागर घेऊन आली.

"सुमन, इथं कपडे धुतलेस गो?"

"नाय हो आबा! माझे कपडे खाली वहाळाच्या वाहत्या पाण्यावर."

"मग हा फेस कुणाचा?"

"मला काय म्हाईत? ज्याचा हाय त्याला विचारा!"

मला भांडता येत नाही. मला बसता येतं. काठी घेतली, घोंगडी पांघरली आणि विहिरीवर बसलो. बायका म्हणायच्या, "आबा, घागरीत पण साबण हाय का बघा!" मी वाकून बघायचोसुद्धा!

आजूबाजूला बेडूक ओरडत होते. पण बेडकांवर संशय कोण घेतो हो?

एका सकाळी डुलकीतून जागा झालो, तर फांदीला फेसाचा आणखी एक गोळा. माझ्या राखणीत! संताप झाला नुसता.

तेवढ्यात एक बाई आल्या. आम्ही त्यांना बेडकांच्या बाई म्हणायचो. त्यांच्या वडिलांना वाटायचं मुलगी माणसांची डॉक्टर होईल. ती झाली बेडूक-सरड्यांची. सगळी उमर त्यांच्यामागं काढलेली. पोलादपुरात खोली घेऊन गावोगावच्या विहिरी धुंडाळत होत्या. फांदी बघून त्यांचा चेहरा असा उजळला, काय सांगू!

"आजोबा, हात लावू नका! हे झाडावरच्या हिरव्या बेडकाचं घरटं आहे. किती पावसाळे शोधतेय मी!"

सुमन फिदीफिदी हसली. "ऐकलंत आबा? बेडकानं धुतले कपडे!"

आता मी मागे हटणार? छे! "बाई, तुम्ही शिकलेल्या. पण साबण आम्ही पण बघितलाय." एक गोळा ओरबाडला आणि माझ्या मळक्या बंडीवर, भर छातीवर फासला. "बघा आता, मळ निघतो का नाय!"

मळ कसला निघतोय? साबुदाण्यासारखी बारीक अंडी छातीला चिकटली.

"हलू नका!" बाई किंचाळल्या. त्यांचे डोळे भरून आले. "यातली पिल्लं थेट पाण्यातच पडायला हवीत, नाहीतर गेली सगळी!"

माझ्या हट्टापायी त्या बाईंचे इतके पावसाळे वाया घालवू? बंडी अलगद उतरवली आणि त्याच फांदीला, बरोबर पाण्यावर, माझ्याच हातानं बांधली. पुन्हा बसलो राखायला. उघड्या अंगावर घोंगडी घेऊन.

आणि एक दिवस बंडीतून शेपटीवाली पिल्लं टपाटप पाण्यात पडली! बाई लहान पोरीसारख्या टाळ्या पिटत होत्या.

माझा हेका मात्र कायम आहे. विहिरीवर कपडे चालणार नाहीत म्हणजे नाहीत! मी असं ठणकावलं, की सुमन घागर खाली ठेवते आणि अगदी गरीब चेहऱ्यानं विचारते,

"खरं हाय आबा. पण आजवर विहिरीवर कपडा वाळत घातलान तो कोणी हो?"