साडूंचा ‘आता जेवूनच जा’

माणसांचा अंत पाहावा तर तो आमच्या साडूंनीच. अख्ख्या नगर जिल्ह्यात त्यांच्या तोडीचा दुसरा कलावंत नसेल. एमआयडीसीतली नोकरी सांभाळून ते प्रायोगिक लघुपट काढतात. प्रायोगिक म्हणजे काय, तर पडद्यावर एकच माणूस एकच वाक्य म्हणत राहतो आणि बघणारा आपली पूर्वजन्मीची पापं आठवत बसतो. “शब्द उगाळत राहिलं ना, की अर्थ गळून पडतो. उरतो निव्वळ नाद!” असं साडू डोळे मिटून सांगतात. एका रिक्षावाल्याकडून त्यांनी ‘तिकडं न्हाई जमायचं’ एवढंच वदवून घेतलं होतं. अर्थ जिथल्या तिथे राहिला, प्रेक्षक तेवढे गळाले. माझी बायको, म्हणजे त्यांची सख्खी मेहुणी, तीसुद्धा कुकरचं निमित्त काढून उठली. एकदा तरी कुणी शेवटपर्यंत बसावं, एवढंच त्या माणसाला हवं होतं हो!

मग त्यांनी कर्जतकडच्या आपल्या गावी आईलाच दारात उभं केलं. दारी आलेल्याला म्हातारी जे म्हणते तेच वाक्य: “आता जेवूनच जा.” चांगला पाव तास तेच! संध्याकाळी समाजमंदिरात पडदा लागला, गाव जमलं आणि काय सांगू, एक माणूस हलला नाही. साडूंनी माझा हात घट्ट धरला. “बघताय ना? नगरपेक्षा गाव पुढं गेलं!” त्यांचे डोळे भरून आले होते.

दिवे लागले तरी कुणी उठेना. साडूंनी घसा खाकरून चर्चा सुरू केली, तसे पुढचे एक आजोबा म्हणाले, “त्ये समदं ऱ्हाऊ द्या. पंगत हितंच हाय का घरी?”

घरची बाई एवढा आग्रह करतेय म्हटल्यावर उठून जाणार कोण? साडूंचा चेहरा असा उतरला की मला धड हसताही येईना. तोवर म्हातारीने पदर खोचला होता.

“आई, त्यो सिनेमा हुता गं.”

“आसंल. पन म्हनलं कुनी, मीच ना? बोलवून उपाशी लावून देऊ व्हय?”

शेजारणींनी पीठ आणलं, चुली पेटल्या, पिठलं-भाकरीची पंगत बसली. साडू पातेलं घेऊन वाढायला निघाले. सुरुवातीला मान खालीच होती. मग एकेका ताटापुढे वाकत, आईसारखंच म्हणू लागले, “घ्या की अजून थोडं.” आजोबांना तेच, पोरांना तेच, मलाही तेच. माझं पोट केव्हाच भरलं होतं, पण त्या माणसाला नाही म्हणवेना. मी ताट पुढे केलं.